उन्हाळ्याले हळू जाऊ दे

मलकापुरात घरोघरी कूलर आवरणं चाललं होतं. चांगुणाच्या घरी आवरायला कूलरच नव्हता. सहदेवनं तो मे महिन्यातच भंगारात देऊन टाकला होता. त्याच कूलरचा शॉक लागून त्यांचा एकुलता एक पोरगा, संघपाल, भर दुपारी गेला होता.

सहदेव कापसाच्या जिनिंगमध्ये मशीनवर काम केलेला माणूस, विजेपुढे शहाणपण चालत नाही हे त्याला पक्कं ठाऊक. आधी पिन काढायची, मग कूलरमध्ये पाणी टाकायचं, हा त्याच्या घरचा कायदा. संघपालनं तो लहानपणापासून पाळला. त्या दुपारी मात्र पाळला नाही, कारण तो गाणं रेकॉर्ड करत होता आणि कूलरची घरघर त्याला गाण्यात हवी होती. आता सांगा, आहे की नाही खूळ! लोक आवाज नको म्हणून कूलर बंद करतात, आणि हा आवाज पाहिजे म्हणून चालू ठेवून बसला.

गाणं तरी कसलं? सिनेमाचं नाही, भीमगीत नाही. गिटारवर हळूहळू, अर्धवट झोपेत बोलल्यासारखं म्हणायचा.

'जाऊ दे उन्हाळ्याले, हळू जाऊ दे,
गच्चीवरची गादी अजून गरम राहू दे.'

"ऊन आत्ता कुठं तापून राह्यलं, अन् हा उन्हाळा गेल्याचं गाणं म्हणते!" असं म्हणून चांगुणा हसायची. तोही हसायचा. उन्हाळा सरायच्या आत गाणं लोकांपर्यंत पोचलं पाहिजे, एवढाच त्याचा हट्ट होता.

पोरगा गेल्यावर महिन्याभरानं तोच हट्ट घेऊन एका दुपारी सकलैन दारात उभा राहिला. कूलर दुरुस्त करणाऱ्या जब्बारभाईचा हा पोरगा, संघपालचा जिवाभावाचा दोस्त. रेकॉर्डिंग झालं होतं ते त्याच्याच मोबाईलवर, संघपालनं तो त्या दिवसापुरता मागून आणला होता. सहदेव घरी नव्हता, म्हणून सकलैनला आत तरी येता आलं.

"मावशी, गाणं तयार हाय. तुमी हो म्हणान तरच नेटवर टाकतो."

चांगुणानं ऐकलं. कूलर घरघरला, गिटार वाजली, पोराचा आवाज आला आणि तिच्या काळजाचं पाणी पाणी झालं. शेवटी नुसती घरघर राहिली आणि तीही विरून गेली.

"मी साफ केलं हे," सकलैन खाली मान घालून म्हणाला. "आखरीले तुमचा आवाज होता, मावशी."

 पोलिसांना, नवऱ्याला, सांत्वनाला आलेल्या साऱ्या जगाला चांगुणानं एकच सांगितलं होतं, मी निजेल होती, मले काही मालूम नाही. निजली कुठली? स्वयंपाकघरातून तिनंच ओरडून सांगितलं होतं, संघा, कूलरले पाणी टाक, टाकी सुकली असन. रेकॉर्डिंग तुटू नये म्हणून पोरगा पिन न काढता तसाच उठला होता.

"तो काही बोलला का रे?"

"'आलो, माय' म्हणला. तुमची हाक काढली तर तेबी निंगून जाते, एकावर एक हायेत ना दोन्ही आवाज." सकलैननं मोबाईल उलटा धरला. "त्याच्या पुढचं मी पुसून टाकलं."

पुढचं काय होतं ते तिनं विचारलं नाही. कोणती आई विचारेल?

"साफ केलेलंच टाक, बाबा," ती म्हणाली. हो, म्हणाली ती तसं. तिला नवऱ्याची भीती वाटत होती, आणि त्याहून स्वतःची.

तेवढ्यात सहदेव आला. सकलैनला पाहताच त्याचं डोकं फिरलं.

"तुयी हिंमत कशी झाली बे इथं पाय ठेवाची? पोट्टा खाल्ला माहा तुया गाण्यानं! तूच सांगतलं असन त्याले, कूलर बंद करू नको म्हणून!"

त्यानं पोराची गचांडी धरली.  एका वाक्यात सुटला असता सकलैन बिचारा. पण महिनाभर त्यानं ते वाक्य गिळलं होतं आणि आताही गिळत होता. चांगुणाला स्वतःची एवढी लाज आयुष्यात कधी वाटली नव्हती.

"सोडा त्याले," ती म्हणाली. "सकलैन, दुसरं लाव. माह्या आवाजाचं."

"मावशी, राहू द्या ना..."

"लाव म्हणते ना!"

गाणं वाजलं. शेवटी तिची खणखणीत हाक आली, आणि तिच्यात मिसळून पोराचं हसरं 'आलो, माय'. सहदेवचा हात आपोआप सुटला. त्यानं बायकोकडे पाहिलं. शिवी दिली असती, मारलं असतं तरी तिला बरं वाटलं असतं. तो आत जाऊन भिंतीकडे तोंड करून पडला.

चांगुणाच्याच सांगण्यावरून गाणं हाकेसकट बाहेर गेलं. पोरापोरींना फार आवडलं. ती शेवटची हाक ऐकून आपली आई आठवते, असंही कोणी कोणी लिहिलं. सहदेव मात्र चांगुणाशी बोलेनासा झाला. ताट ठेवलं की जेवायचा, उठायचा. सकलैनला त्यानं रस्त्यात गाठून आपल्या मोबाईलमध्ये गाणं टाकून घेतलं, एवढंच तिच्या कानावर आलं.

एका संध्याकाळी ती भाकरी थापत होती. पुढच्या खोलीत गाणं सुरू झालं. आता आपली हाक येणार म्हणून तिनं जीव मुठीत धरला. हाक आलीच नाही. एकदम आलं, "...लो, माय." मग पुन्हा, "...लो, माय."

ती पिठाच्या हातानं दारात आली. ज्याला साधा फोन लावता येत नव्हता तो सहदेव मोबाईल डोळ्यांजवळ धरून बसला होता. अंगठ्यानं गाणं पुढे सरकवत होता, बरोबर तिची हाक संपेल तिथवर.

"अवो," ती म्हणाली, "मी हाक देल्ली म्हणून तर तो बोलला."

सहदेवनं वर पाहिलं नाही. अंगठा पुन्हा सरकवला.