बारदान्याखालचा उतार

मी उतार बोलतोय. अंबडला भागवतच्या घरापुढे, रस्त्यापासून ओसरीपर्यंत चढत गेलेला सिमेंटचा उतार. सगळे मला तुडवतात, बघत मात्र कुणी नाही.

संपत मिस्त्रीनं मला घडवलं. पाय धरून राहावेत म्हणून ओल्या सिमेंटमध्ये तो रेघा ओढणार होता. भागवत म्हणाला, "रेघा नको, एकदम चकाचक कर. गाडी सर्रकन वर आली पाह्यजे." संपतनं थापी फिरवली आणि मी गुळगुळीत झालो.

माझ्या डोक्यावर टाकीचा पाइप आहे. बोअरची मोटर चालू करून भागवत खुशाल बाजारात जातो. टाकी भरली की उरलेलं पाणी माझ्या अंगावर. पूर्वेला भिंत, त्यामुळे ऊन उशिरा येतं. मला शेवाळ धरलं. बायकोनं, शालूनं, ते दाखवलं तर हा हसला. "जालना जिल्ह्यात प्यायला पाणी न्हाई, अन् शेवाळ कुठून येणार?"

श्रावणात त्याचे वडील पुंजारामदादा दूध घेऊन येताना माझ्यावरून घसरले. खुब्याचं हाड मोडलं. त्यांचं कण्हणं अजून माझ्या अंगात आहे. घरच्यांनी दोष दिला तो त्यांच्या चपलेला. नवी चप्पल आली, पाइप तिथंच राहिला.

शालूनं ब्लिचिंग पावडर टाकून तारेच्या ब्रशनं मला खसाखसा घासलं. फार बरं वाटलं. पण पाणी काही थांबेना, म्हणून कुणी घसरू नये यासाठी तिनं वर बारदाना अंथरला. मायेनंच अंथरला, तिला काय बोलणार? बारदाना महिनाभर ओलाच राहिला आणि त्याखाली शेवाळ सायीसारखं दाट झालं.

आज दादा दवाखान्यातून घरी येताहेत. "बाबा येऊन राह्यले, दारात बारदाना बरा दिसत न्हाई," असं म्हणत भागवतनं तो ओढून काढला आणि माझ्यावर बादलीभर पाणी ओतलं.

शालू दचकली. "अहो, हिरवं झालंय सगळं! आधी घासू द्या."

"मंग घास दुपारी. गाडी चौकात आली, जल्दी भाकरतुकडा आण."

ती आत पळाली.

बाबांनो, तुमच्या दारचा उतार एकदा बघून घ्या. वाळवा, घासा, पण आधी पाण्याची वाट बदला. जास्त बोलायला मला आता वेळ नाही. गाडी थांबली आहे.

दादा उतरले. एका हातात काठी, दुसरा हात भागवतनं घट्ट धरलेला. माझ्यापाशी येऊन ते थांबले, ताठ झाले.

"सोड मला. माह्या घरात मी माह्या पायानं जातो."

भागवतनं आजवर बापाचा शब्द कधी मोडला नाही. अरे, आज एवढा मोड!

त्यानं हात सोडला.