विरलेल्या जागेचा सिद्धान्त

मी एक सिद्धान्त बोलतोय. माझा जन्म नक्की कधी झाला, हे मला खात्रीने सांगता येत नाही. खंडेराव सर म्हणतात सकाळी. शुभांगीबाई म्हणायच्या, छे, जेवणं झाल्यावर. मला दोन्ही आठवतं, म्हणजे बहुधा एकही नीट आठवत नाही. नाशिकला, कॉलेज रोडवरच्या फ्लॅटमध्ये, एवढं मात्र खरं.

शुभांगीबाई गोधडीसाठी जुन्या साड्या निवडत होत्या. एक साडी त्यांनी खिडकीसमोर धरली. "अहो, बघा ना, इथे किती विरलीय. आरपार उजेड येतोय."

सर भौतिकशास्त्राचे निवृत्त प्राध्यापक. ते साडीकडे बघत राहिले आणि मी जन्मलो.

माझं म्हणणं असं : सगळं जग एका विणीचं आहे आणि ती वीण काही ठिकाणी विरली आहे. काजवा स्वतः उजेड तयार करत नाही. तो विरलेल्या जागेवर बसतो आणि मागचा उजेड त्याच्यातून येतो. एका झाडावरचे हजारो काजवे एकदम पेटतात, एकदम विझतात, ते एकमेकांना बघून नव्हे. खालची वीण हलते म्हणून. रसायनशास्त्र वेगळं सांगतं, हे मलाही ठाऊक आहे. त्याची मला भीती वाटते.

सरांच्या एका जुन्या सहकाऱ्याने चहा पिता पिता सगळं ऐकून घेतलं. म्हणाला, "खंडेराव, विश्व विरलं असेल तर मेन रोडला एक रफूवाला आहे. माझा कोट झकास केला त्याने." सरही हसले. घरी येऊन त्यांनी मला पुन्हा पहिल्यापासून तपासलं.

माझी कसोटी सोपी होती. दोन झाडं हवीत, मधे टेकाड हवं, म्हणजे इकडच्या काजव्यांना तिकडचे दिसणार नाहीत. तरीही दोन्ही झाडं एकाच क्षणी विझली, तर मी खरा.

२०१४ च्या जूनमध्ये दोघं पेठकडच्या एका पाड्यावर गेले. रेडिओच्या ठोक्यांवर दोन घड्याळं जुळवली. सर अलीकडच्या झाडाखाली बसले. "पलीकडच्या झाडावर नजर ठेव. ते विझलं की वेळ लिही," असं त्यांनी शुभांगीबाईंना सांगितलं. वाट दाखवणारा बुधा त्यांना टेकाडाला वळसा घालून घेऊन गेला. अंधार पडल्यावर तासाभराने दोन्ही कागद शेजारी ठेवले. एकतीस नोंदी. एकतीसही जुळल्या.

सर रडले. मी इतका खरा पूर्वी कधी नव्हतो आणि नंतरही झालो नाही.

एका नियतकालिकाने लेख परत पाठवला : प्रयोग पुन्हा करून दाखवा. मागणी रास्त होती. पण सर घाबरले. दुसऱ्यांदा जुळलं नाही तर? दर उन्हाळ्यात शुभांगीबाई विचारायच्या, "अहो, यंदा जायचं ना पेठला?"

"यंदा ढग लवकर आलेत."

"मागच्या वर्षी उशिरा आले होते म्हणून नाही गेलो. ढगांनी तुम्हाला विचारून यायचं का आता?"

अशी पाच वर्षं गेली. सहाव्या वर्षी विचारायला त्या राहिल्या नाहीत.

२०२४ मध्ये सर एकटेच पाड्यावर गेले. बुधा भेटला. "बाय नाय आल्या?" सरांनी मान हलवली. बुधा म्हणाला, "लय मन लावून बघत व्हत्या त्या दिशी. तुमच्याच झाडाकडं."

"माझ्या नाही रे. त्यांच्या डोक्यावरच्या."

"नाय सर. तिकडं गेल्यावर मला इचारलं त्यांनी, पलीकडचं झाड म्हणजे ते ना? मी म्हटलं, तेच. डोक्यावरचं तं अलीकडचं झालं ना."

दोन कागदांवर एकाच झाडाच्या वेळा होत्या. त्या जुळणारच. मी खरा ठरलो नव्हतो, खोटाही ठरलो नव्हतो. मला कुणी तपासलंच नव्हतं.

आता मी एका निळ्या फाईलमध्ये आहे. सरांना मोतीबिंदू आहे, टेकाडाला वळसा घालणं आता त्यांच्याने होणार नाही. त्यांची मुलगी सायली फाईल टाकत नाही आणि उघडतही नाही. माझी एकच विनंती आहे : टाकायचं असेल तर आधी खोटं ठरवा. कुणी ठरवेल असं मला वाटत नाही.

सरांनी मात्र बुधाच्या शब्दावर सोडलं नाही. तेव्हा पाड्यावरच, दुसऱ्या दिवशी सकाळी ते शुभांगीबाई ज्या दगडावर बसल्या होत्या तिथे जाऊन बसले. टेकाडाच्या खाचेतून समोर त्यांचं झाड दिसत होतं, सबंध. डोक्यावरचं बघायला मान पार मागे टाकावी लागली. नाशिकला परतल्यावर त्यांनी प्रयोगाच्या त्या संध्याकाळचा फोटो शोधला. एकच आहे, त्यांनीच काढलेला. त्यात शुभांगीबाई हातात घड्याळ धरून हसताहेत आणि त्यांच्या मानेला पट्टा आहे.