हलली

चित्राला पहिलं बक्षीस मिळालं. पण ते आपण ऐकलंच नाही असं समजू, कारण प्रदर्शन कार्यालयाने तसंच समजायचं ठरवलं होतं. कारकुनाला चित्रातल्या बाईची लेखी संमती हवी होती.

ती वारली, असं चित्रकर्तीने चौथ्यांदा सांगितलं आणि मृत्यूचा दाखला पुन्हा पुढे सरकवला.

"हा तुमच्या आईचा आहे," कारकून म्हणाला. "चित्रात हलली आहे."

"ती आईच आहे हो."

"मागे नाव लिहिलंय ना. अकरा ठिकाणी."

तिने कपाळावर हात मारून घेतला. फार पूर्वी काही लबाड फोटोग्राफर गिऱ्हाइकाच्या मागे धुरकट मृत नातलग उमटवून देत. त्या फोटोंवरून तिला हे चित्र सुचलं. त्यांना बनवाबनवी करावी लागे, हिच्याकडे अस्सल माल होता. वडिलांच्या कॅमेऱ्याला घरातल्या उजेडात फोटो घ्यायला अख्खा सेकंद लागायचा आणि आईला तेवढा धीर नव्हता. दूध उतू जाई, दार वाजे. मग सगळं कुटुंब ठळक आणि कडेला एक पांढरट फराटा. अकराव्या फोटोत ती एकटीच खुर्चीत होती, तरी फराटाच. वडील चिडून प्रत्येकाच्या मागे लिहीत: हलली. हिने ते फराटे कापून, मेण लावून, पातळ कापडावर टाचले आणि टांगले. मागची बाजूही दिसावी, हे डोकंही तिचंच.

आईचा धड फोटो एकही नव्हता आणि अलीकडे चेहरा आठवेनासा झाला होता. निदान चित्राखाली तरी तिचं नाव लागावं, एवढ्यासाठी ही घासाघीस. नाहीतर ती कायमची हलली.

ओळख पटवणारा माणूस आणा, असं कारकुनाने सुचवलं. दुसऱ्या दिवशी तिने वडिलांना आणलं. हे तुझे उद्योग, असं ते वाटभर ऐकवत होते. चित्रासमोर मात्र त्यांनी चष्मा पुसला आणि बोट ठेवत निघाले. ही दूध गेलं तेव्हाची. ही तू शिंकलीस म्हणून उठली. कारकून निमूट खुणा करत होता.

अकराव्यापाशी वडील थांबले.

"ही हलली नव्हती," ते म्हणाले. "खुर्चीपण फराटलीये बघ. खुर्ची कशाला उठेल? माझाच हात हलला. आणि मी वर तिलाच बोललो."

कारकुनाने पेन थांबवलं.

"म्हणजे ही हलली नाही. मग ही कोण?"

वडिलांनी त्याच्याकडे कोरा कागद मागितला आणि उभ्यानेच लिहायला घेतलं.

'विषय: फेरछायाचित्रणाबाबत. महोदय, सदर बाई माझी पत्नी असून तिचे नाव हलली नाही. तरी तिला एका सेकंदापुरते पुन्हा खुर्चीत बसवून मिळावे, ही नम्र विनंती. हात हलणार नाही, याची हमी अर्जदार देत आहे.'