पळून गेलेल्यांची मोजणी

मित्रांनो, मी एक जुना तराजू आहे. लोखंडी दांडी, दोन पितळी पारडी आणि मधला काटा, एवढाच माझा संसार. गोड बोलणं मला जमत नाही. आहे ते आहे आणि नाही ते नाही, अशी माझी घडणच आहे. म्हणून माझी हकिकतही तशीच सांगतो.

मला मावशीच्या सासूबाईंनी विकत घेतलं. इस्पितळाच्या भिंतीलगत फुटपाथवर त्या कांदे-बटाटे विकायच्या. गुडघे बोलायला लागले तेव्हा त्यांनी मला सुनेच्या हाती दिलं आणि बजावलं की तोलताना दांडीला कधी बोट लावायचं नाही. सुनेने ते आजवर पाळलं. सगळा बाजार तिला मावशी म्हणतो. माझ्या चोख मापावर विसंबून गिऱ्हाईक समोरची दुकानं सोडून तिच्याकडे यायचं. तेव्हा माझी छाती फुगायची, खोटं कशाला सांगू!

पण आमच्या डोक्यावर कायमची टांगती तलवार होती, ती पालिकेच्या निळ्या गाडीची. गाडी दिसली की कोपऱ्यावरचा चहावाला शिट्टी घालायचा. लगेच चादरीची चार टोकं एकत्र यायची, गाठोडं पाठीवर जायचं आणि सगळे धूम ठोकायचे. दोनदा मी त्या गाडीच्या तावडीत सापडलो. गोदामात मोडक्या टोपल्यांखाली पडून राहिलो, पारड्याला पोचा आला. दोन्ही वेळा मावशीने हातापाया पडून मला सोडवलं.

मग कायदा आला. फुटपाथवर विकणाऱ्या प्रत्येकाची आधी मोजणी करायची, त्याला प्रमाणपत्र द्यायचं, आणि तोवर कोणालाही उठवायचं नाही. फेरीवाल्यांच्या संघटनेची माणसं सांगून गेली की मोजणीच्या दिवशी जो जागेवर असेल त्याचंच नाव लागेल. मावशीने ते चारचारदा विचारून घेतलं. त्या दिवशी ती ठेवणीतले कपडे घालून पहाटेच येऊन बसली.

मोजणीवाले आले. पण पालिकेच्या कचेरीकडे दुसरी गाडी नव्हती, म्हणून ते निळ्या गाडीतूनच आले. चहावाल्याने शिट्टी घातली. काय सांगू मित्रांनो! डोक्याला सगळं ठाऊक होतं, पायांनी मात्र ऐकलं नाही. बघता बघता फुटपाथ ओस पडला. मावशीही पळाली आणि घाईत मी मागेच राहिलो. बसून होते ते फक्त शेजारचे किल्लीवाले काका, कारण त्यांचा पाय अधू.

कचेरीतल्या एक पोक्त बाई वही घेऊन उतरल्या. काकांचं नाव त्यांनी लिहिलं आणि बाकीच्या जागांसमोर 'रिकामी', 'रिकामी' असं लिहीत निघाल्या. माझ्यापाशी थांबून त्यांनी हा तराजू कोणाचा म्हणून विचारलं. मावशीचा, ती वर्षानुवर्षं इथेच बसते, असं काकांनी सांगितलं. बाई म्हणाल्या की नियमाप्रमाणे माणूस जागेवर लागतं.

काकांनी हातातली कानस खाली ठेवली. "बाई, ती पळाली म्हणून तुम्ही लिहिणार, इथे कोणी बसत नाही. पण तिला पळायला शिकवलं कोणी?"

बाईंनी मला उचललं. माझ्या दांडीवर वजनमापांच्या तपासणीचे शिक्के आहेत, दर तपासणीचा एक. त्या बोटाने मोजत गेल्या. बावीस भरले. मग त्यांनी ड्रायव्हरला गाडी परत न्यायला सांगितलं आणि स्वतः मावशीच्या पोत्यावर बसून राहिल्या.

तासाभराने गल्लीतून एकेक डोकं डोकावू लागलं. मावशी आली ती माझ्यासाठी. गाठोडं छातीशी धरून तिने मान खाली घातली. "तराजू तेवढा द्या," ती म्हणाली. "मी लगेच उठते."

"उठू नका," बाई म्हणाल्या. "बसा आणि नाव सांगा."

इतक्या वर्षांत त्या फुटपाथवर तिचं पूर्ण नाव कोणी विचारलंच नव्हतं. मावशीने ते सावकाश, एकेक शब्द सुटा करून सांगितलं. बाईंनी 'रिकामी' हा शब्द खोडून तिथे तिचं नाव लिहिलं. मागोमाग परतलेल्या बाकीच्यांचीही नावं तशीच लागली.

आता मावशीकडे प्रमाणपत्र आहे आणि बॅटरीवरचा नवा वजनकाटाही आहे. मी पोत्याखाली धूळ खात पडलेलो असतो. त्याचं मला फार दुःख नाही. दुःख आहे ते फुलवालीचं. भिंतीच्या टोकाला बसणारी फुलवाली त्या दिवशी इतकी लांब पळाली की मोजणी संपेपर्यंत परतलीच नाही. तिच्या जागेसमोर अजून 'रिकामी' लिहिलेलं आहे. मावशी आणि काका साक्षीला म्हणून तिच्याबरोबर कचेरीत खेटे घालतात.

मित्रांनो, मला घासूनपुसून ठेवा असं मी मागत नाही. एवढंच मागतो, की उद्या तुमच्या हाती अशी वही आली, तर 'रिकामी' लिहिण्याआधी जरा थांबा, शेजाऱ्याला विचारा. कारण आजही निळी गाडी आली की आमचा सगळा फुटपाथ बसलेला असतो, आणि फुलवाली एकटीच पळत असते.