बिनचहाची नऊ वर्षं

लोवरीबाईंनी कपात उकळतं पाणी ओतलं, वर दुधाचे चार थेंब सोडले आणि कप इथेलपुढे सरकवला.

"घे. थंड झालं की चव जाते."

गरम असतानाही ती नव्हती. इथेलनं घोट घेतला आणि पाहुण्यानं म्हणायचं ते म्हटलं, "छान."

इथेल प्रिचर्ड याच गल्लीतला, खाणकामगाराचा मुलगा. आता विद्यापीठात इतिहास शिकवत होता आणि गेली बारा वर्षं वेल्समधल्या पाटीच्या दगडाच्या खाणींवर पुस्तक लिहीत होता. सातवं प्रकरण खाणीच्या डॉक्टरांचं होतं. कामगार पंचेचाळिशीत खोकून मरतात ते दगडाच्या धुळीनं नव्हे, फार उकळलेल्या चहानं, असं त्यांनी लेखी कळवलं होतं. मालकांना हे निदान ताबडतोब पटलं होतं.

वरच्या खोलीत फळी करकरली. इथेलनं मान वर केली.

"एलिस," बाई म्हणाल्या. "तीन वाजले की उठतो."

एलिस म्हणजे त्यांचा नवरा. त्याला चॅपलमागे पुरून अठ्ठेचाळीस वर्षं झाली होती.

"मावशी, काकांचा चहा तुम्ही बंद केला होतात म्हणे?"

"डॉक्टर बोलला त्याच दिवशी. नऊ वर्षं थेंब दिला नाही. बायका मला जेलर म्हणायच्या. त्यांचे नवरे पंचेचाळिशीला गेले, माझा एक्कावन्नला." नव्वदीची ती हनुवटी जराशी वर झाली. मग खाली आली. "शेवटच्या दिवशी मागितला त्यानं. अर्धा कप. मी हेच दिलं. त्यानं कपात पाहिलं, माझ्याकडे पाहिलं, आणि प्यायला."

इथेलनं कागदांच्या पिशवीवरचा हात काढून घेतला.

"ते लिहिलेलं वाचून दाखवणार होतास ना?"

"घरीच राहिलं बघा."

"खोटं बोलताना तुझा बापही कान खाजवायचा. काढ."

"मावशी, त्यात असं आहे की..."

"धूळ आहे. रोज सकाळी त्याची उशी कोण झटकत होतं? काय पडायचं ते मला दिसत नव्हतं होय?" बाईंनी टेबलावरचा नसलेला कण पुसला. "खाण बंद करणं माझ्या हातात नव्हतं, बाबा. चहा होता."

इथेलनं कागद काढले.

"मोठ्यानं वाच. सुरुंगांनी त्याचे कान गेलेत. धूळ आहे, चहा नव्हे, असं नऊ वर्षं तो मला सांगत होता, आणि मी एकदाही हो म्हटलं नाही."

इथेल शेवटच्या बाकापर्यंत पोचेल अशा आवाजात वाचू लागला. दुसऱ्या पानावर वरची करकर थांबली. तिसऱ्यावर जिन्याची पहिली पायरी वाजली, आणि इथेलची ओळ चुकली.

"थांबू नकोस," लोवरीबाई म्हणाल्या, आणि उठून शेगडीजवळच्या खुर्चीतली उशी झटकू लागल्या.