वठलेली सावर

नेरे गावाच्या वाटेवरील ती सावर वठून सात वर्षे लोटली होती. परंतु प्राण गेला तरी तिचे आश्रयदान संपले नव्हते. तिच्या ढोलीत खांद्यावर तांबडा ठिपका मिरवणारे करण पोपटांचे जोडपे दरवर्षी संसार मांडी. या फाल्गुनात ढोलीत तीन पिल्ले होती.

पनवेलची रुमाना या पक्ष्यांची अभ्यासक. नव्या रस्त्यासाठी झालेल्या झाडांच्या पाहणीत तिने यादीत या सावरीपुढे प्रामाणिकपणे 'वठलेले' असे लिहिले आणि पिल्लांची नोंद दुसऱ्या पानावर केली. फार्महाऊसकडे तो रस्ता नेणाऱ्यांनी पहिले पान तेवढे अर्जास जोडून तोडीची परवानगी मिळवली.

"तुमचंच अक्षर आहे, मॅडम," करवतवाल्याला घेऊन झाडाखाली आलेला मुकादम जीवन कागद पुढे करीत म्हणाला. "झाड मेलेलं आहे."

"झाड मेलंय. आतले तीन जीव मेलेले नाहीत. चूक माझी आहे, ती मीच निस्तरणार."

रुमाना दोराने चढून ढोलीशेजारच्या फांदीवर बसली. "आता चालवा करवत."

जीवन सावलीत टेकला. "ऊन चढलं की याल खाली."

ऊन चढले. पलीकडच्या आंब्यावर पोपटांचे जोडपे आक्रंदत होते, पण जवळ येत नव्हते. ढोलीतला कलकलाट हळूहळू क्षीण झाला. माणूस ढोलीपाशी असेतो आईबाप चारा भरवायला येत नाहीत, हे रुमाना विद्यार्थ्यांना नेहमी सांगे. ज्यांच्या रक्षणास ती बसली होती, त्यांनाच ती उपाशी मारीत होती.

ती खाली उतरली.

"शहाण्या आहात," जीवन हसला आणि करवतवाल्याला खूण केली.

रुमानाने बुंध्याला पाठ टेकली, दोर स्वतःच्या कमरेभोवती आणि खोडाभोवती दोनदा फिरवला, आणि शेजारच्या शेतातून आलेल्या गुणाबाईंच्या हाती टोक दिले. "मावशी, मागून गाठ मारा. मला सोडता येऊ नये अशी."

"भाऱ्याची मारते. कापल्याबिगर सुटत नाय ती."

"किती दिवस हे नाटक?" जीवनने विचारले.

"पिल्लं उडेपर्यंत. बारा दिवस."

"आणि खायचं काय?"

"जेवन माज्या घरून येल," गुणाबाई गाठ आवळीत म्हणाल्या. "तुजंबी आनू का? तुला पन बारा दिवस बसायचं हाय."

करवतवाला तोंड फिरवून हसला आणि त्याने यंत्र खाली ठेवले.

तेवढ्यात मादी सर्वांच्या डोक्यावरून झेपावत ढोलीत शिरली. आतून भुकेचा कल्लोळ उठला. जीवनने मान वर केली आणि बराच वेळ ती तशीच ठेवली.

"ते पान द्या इकडे," रुमाना म्हणाली. "त्यावर मी अर्धंच लिहिलं होतं."

तिने 'वठलेले' या शब्दाखाली लिहिले : ढोलीत करण पोपटाची तीन पिल्ले, जिवंत, घरटे मोडणे हा गुन्हा. खाली तारीख घातली, सही केली आणि कागद परत केला.

"तुमच्या साहेबांना फोन लावा, जीवनराव. आणि पूर्ण वाचून दाखवा. मी इथेच आहे."