अण्णांनी मागितलेला चमचा

माझा नवरा मिहिर मला कधी वाईट बोलत नाही. तो फक्त नाक मुरडतो. आता नाकाची तक्रार कुणाकडे करायची? पुंडलिकनगरातल्या शेजारणी म्हणतील, हिला सुख टोचतंय.

लग्नाआधी तो आमच्याकडे बिडकीनला आला होता. मी येसराच्या आमटीत भाकरी कुस्करत होते. त्यानं माझ्याच ताटातला घास उचलला आणि वर बोटंही चाटली. त्या माणसाची मला रोज आठवण येते, आणि तो तर समोरच बसलेला असतो.

गेल्या वर्षी त्यानं माझ्या कुस्करणाऱ्या हाताचा व्हिडिओ नेटवर टाकला. खाली ओकाऱ्या काढणाऱ्या हिरव्या तोंडांच्या इमोजींची रांग लागली. हजारभर लोकांनी 'छी' म्हटलं. जेवताना तो एकेक वाचून दाखवायचा आणि हसायचा. मीही हसले, नसते हसले तर हिला गंमत कळत नाही, हे वेगळं ऐकावं लागलं असतं. तेव्हापासून तो मलाही तेच हिरवं तोंड पाठवतो, शेजारच्या खोलीतून. केसांना तेल लावलं, हिरवं तोंड. चहाचा भुरका मारला, हिरवं तोंड. मी चमच्यानं जेवायला शिकले. ताटाकडे कमी आणि त्याच्या नाकाकडे जास्त बघत जेवते.

परवा माझे वडील, अण्णा, ज्वारी घेऊन आले. मी मुद्दाम येसराची आमटी केली. अण्णांनी भाकरी मोडली, वर आमटी ओतली आणि पाचही बोटांनी कालवायला लागले. मिहिरची मान मोबाइलमध्येच होती. नाक मुरडलं ते मी.

अण्णांनी ते पाहिलं. त्यांचा हात थांबला. त्यांनी बोटं ताटाच्या कडेला निपटली, हात मांडीआड नेला आणि हळूच म्हणाले, "बाई, चमचा हाय का गं?"

सत्तर वर्षांत त्या माणसानं औषधाशिवाय चमचा धरलेला नाही. मला स्वतःची इतकी लाज कधी वाटली नव्हती.

मी त्यांच्या शेजारी बसले, त्यांच्याच ताटात हात घातला.

"सरका अण्णा. लई भूक लागली."

पहिला घास मी मिहिरपुढं धरला. आशा वेडी असते. त्याचं नाक वर गेलं. मी तरी थांबले, आमटी मनगटापर्यंत ओघळली. मग तो घास मी अण्णांना भरवला.